घोंगडी कुणाच्या अंगावर?

पत्र थोडक्यात असं : लातूर जिल्ह्यातल्या एका गावची २१ वर्षांची मुलगी शहरात खोली करून बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला शिकते आहे. विद्यापीठाच्या युवक महोत्सवासाठी तिने एक एकांकिका लिहिली आहे. तिच्यात गावचा एक जुना वायरमन घोंगडी बनवतो. लोकरीबरोबर बारीक तारा विणलेल्या, त्या एका छोट्या कॅमेऱ्याला जोडलेल्या. कॅमेऱ्यासमोर जे येईल ते पांघरणाऱ्याच्या पाठीवर थरथरत उमटतं. डोळ्यांचं काम पाठ करते. जन्मांध नायक घोंगडी पांघरतो, बहीण कॅमेरा आईकडे वळवते आणि तो ओरडतो, ‘माय, तू अशी हाईस व्हय!’ पडदा. तालमीत सगळे रडतात. मुलीचा धाकटा भाऊ १७ वर्षांचा आहे, अकरावीत शिकतो. तो जन्मापासून पाहू शकत नाही; डोळ्यांची नसच नीट तयार झालेली नाही, असं डॉक्टरांनी लहानपणी सांगितलं होतं. नायक त्याच्यावरच बेतलेला. तिने त्याला हौसेने तालमीला नेलं. तो शेवटपर्यंत गप्प बसला आणि परतताना एसटीत एवढंच म्हणाला, ‘आक्का, ते पोरगं म्या न्हाई. मला माय ठावी हाय.’ तेव्हापासून तो कामापुरतंच बोलतो. एकांकिका बसवणारे सर म्हणतात, शेवट काढलास तर उरतं काय? आईनेही ती तालीम पाहिली. ‘अशी मशीन खरंच असती का गं?’ हे ती आता रोज विचारते, आणि वडील म्हणतात, असली तर एक एकर काढून टाकू. प्रयोगाला तीन आठवडे आहेत. मुलगी विचारते : शेवट बदलू का? एकांकिकाच मागे घेऊ? आणि घरी काय सांगू?

तुला ‘तू’च म्हणते, माझी भाची तुझ्याच वयाची आहे.

तुझ्या भावाचं ते वाक्य पत्राच्या दुसऱ्या पानावर अगदी तळाशी आहे. ते लिहून तू लगेच नवा परिच्छेद सुरू केलास आणि सरांबद्दल लिहायला लागलीस. मला मात्र तिथून पुढे जाता येईना. तू म्हणतेस, त्याला वाईट वाटलंय. वाटलं असेलही. पण ‘मला माय ठावी हाय’ हे पुन्हा एकदा वाच. त्यात रुसवा कुठे आहे? तुझ्या लिखाणात एक गोष्ट चुकली आहे आणि ती तो तुला सांगतो आहे, एवढंच मला त्यात ऐकू येतं. गवंड्याने भिंतीला ओळंबा लावून सांगावं की इथे बाक आलाय, तसं. सतरा वर्षं तो ज्यात राहतो आहे, त्यातलं त्याला तुझ्यापेक्षा आणि माझ्यापेक्षा जास्त कळतं.

आधी तुझी घोंगडी घेऊ, कारण तुझ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर तिच्यातच आहे. तू ती मनाने रचलीस, पण तिच्या नात्यातली एक वस्तू खरोखर होऊन गेली आहे. पॉल बाख-इ-रीटा नावाच्या अमेरिकन संशोधकाने १९६९ साली ‘नेचर’ या नियतकालिकात तिची माहिती छापली. दातांच्या डॉक्टरकडे असते तसली खुर्ची. पाठ टेकते तिथे २० ओळी, प्रत्येक ओळीत २० अशी ४०० बारीक थरथरणारी टोकं. शेजारी एक बोजड कॅमेरा. कॅमेऱ्याला जे दिसेल त्याची आकृती ही टोकं पाठीवर काढायची. जन्मापासून न पाहिलेली माणसं त्या खुर्चीत बसली, आणि सराव झाल्यावर फोन, कप, खुर्ची अशा वस्तू ओळखायला लागली. पुढे काही जण माणसांचे चेहरेही ओळखू लागले. तेव्हा तुझ्या वायरमनला कुणी वेड्यात काढलं तर काढू देऊ नकोस. कातडीवाटे आलेली खबर मेंदू चित्रासारखी वाचायला शिकतो, हे त्या खुर्चीने दाखवून दिलं.

पण त्या प्रयोगांत दोन गोष्टी अशा आढळल्या की त्या कळल्यावर तुझा शेवट मला आहे तसा बघवेना.

पहिली. कॅमेरा एका जागी ठेवला किंवा दुसऱ्या कुणी फिरवला, तर खुर्चीतल्या माणसाला पाठीवर नुसती थरथर जाणवायची. गुदगुल्या म्हण. त्याने कॅमेरा स्वतःच्या हाताने फिरवायला सुरुवात केली, की हळूहळू पाठ विसरली जायची आणि वस्तू ‘समोर’ आहे असं वाटायला लागायचं. एकदा तर त्याच्या नकळत भिंग पुढे सरकवून समोरची वस्तू एकदम मोठी केली, तेव्हा तो माणूस दोन्ही हात वर करून मागे रेलला. थरथर पाठीवर होती, पण त्याच्या लेखी काहीतरी समोरून अंगावर येत होतं! एवढा सगळा फरक कशाने पडला? कॅमेरा कुणाच्या हातात आहे, याने.

आता तुझ्या शेवटाकडे बघ. कॅमेरा बहिणीच्या हातात आहे. ती वळवेल तिकडे भावाने बघायचं. त्याने काय बघायचं ते तिने ठरवलंय, केव्हा बघायचं ते तिने ठरवलंय, आणि बघून काय वाटायला हवं तेही तिनेच लिहून ठेवलंय. मला वाटतं, तुझ्या भावाला नेमकं हेच बोचलं असावं. शब्दांत नाही सांगता आलं त्याला, किंवा सांगावंसं वाटलं नाही.

दुसरी गोष्ट याहून अवघड आहे. या यंत्रातून ज्यांना बायकोचा किंवा प्रेयसीचा चेहरा बघायला मिळाला, त्यांनी चेहऱ्याचं वर्णन बरोबर केलं. नाक इथे, केस असे. आणि तरीही ती माणसं हिरमुसली, कारण त्या चेहऱ्याने मनात काहीच हललं नाही. बाख-इ-रीटाने स्वतःच हे नोंदवून ठेवलं आहे. चेहरा पोचला, माणूस पोचलं नाही. कसं पोचेल? त्या माणसांनी ज्या बाईवर प्रेम केलं ती त्यांच्यासाठी आवाजाची होती, हाताची होती, वासाची होती. पाठीवरच्या ४०० टोकांशी तिची ओळखच नव्हती. तुझा नायक पहिल्याच क्षणी ‘माय, तू अशी हाईस व्हय’ म्हणून ओरडतो. खरं तर तो गोंधळला असता, गप्प झाला असता. कदाचित त्याने घोंगडी बाजूला सारून आईचा हात चाचपला असता.

माझे आजोबा परभणीच्या मोंढ्यात माल घेऊन जायचे. ज्वारीच्या पोत्यात कोपरापर्यंत हात घालायचे, मूठभर काढायचे, एक दाणा दाताखाली धरायचे. ‘कट्’ वाजला की वाळलेली. त्यांचे कान, दात आणि तळहात यांचा मिळून एक डोळा झाला होता. पुढे ओलावा मोजायचं मीटर आलं. सोयाबीनला सरकारी खरेदीत १२ टक्के ओलाव्याची अट असते, हे तुमच्या घरी सांगायला नको. मीटर म्हणजे तरी काय, दाताला आणि हाताला जे कळायचं ते डोळ्यांना दिसेल अशा आकड्यात आणणारं यंत्र. ते उपयोगी आहे, नाही कोण म्हणेल? पण आजोबांची तक्रार यंत्रावर नव्हतीच. ‘आकडा त्येच्या हातात,’ एवढंच ते म्हणायचे. मीटर आडत्याच्या हातात, मूठ त्याने भरायची, वाचायचं त्याने, आणि आपण नुसतं ऐकायचं. तू लिहिलंस ना, की तुझा भाऊ सोयाबीनच्या शेंगा कानाशी खुळखुळवून काढणीला आल्या का ते सांगतो, आणि वडील त्याचं ऐकून मजूर सांगतात? त्या पोराला पिकाची पारख आहे. नाटकात मात्र तू त्याला असं उभं केलंस की त्याला आजवर काहीच दिसलं नव्हतं, आणि घोंगडी आली तेव्हा उजाडलं.

इथे भाषेबद्दल एक सांगावंसं वाटतं. आपण मराठीत काय म्हणतो? चाखून बघ. हात लावून बघ. ऐकून बघ. वास घेऊन बघ, दूध नासलंय का. विचारून बघ. ‘बघणं’ आपल्या भाषेने एकट्या डोळ्यांच्या नावावर कधी करूनच दिलं नाही. तुझा भाऊ दिवसातून शंभरदा ‘बघू’ म्हणत असेल आणि कुणाला त्यात काही वावगं वाटत नसेल. तो बघतोच आहे. तुझ्या एकांकिकेने गृहीत धरलंय की तो थांबलेला आहे, वाट बघतो आहे. आधी एवढंच तपासून घे : वाट बघत कोण आहे? तो, की तुम्ही सगळे?

तालमीत सगळे रडले, ते खोटं रडले असं मी म्हणत नाही. तुझी लेखणी चांगली आहे, आणि ते दोनच संवाद तू पत्रात उतरवलेस त्यावरूनही कळतं. पण रडणारे सगळे डोळस होते. आपला चेहरा ज्याला कधी दिसला नाही त्याला तो दिसावा, ही ओढ आपली आहे. आईची तर आहेच. ती खरी आहे, मोठी आहे, तिच्यावर नाटक लिहिता येईल. फक्त ती भावाच्या तोंडी घालता येणार नाही.

मी काही वर्षं परभणीला लेखनिक म्हणून जात असे. ज्यांना दिसत नाही अशा विद्यार्थ्यांनी उत्तर सांगायचं आणि आपण पेपरात उतरवायचं, हे काम. बी.ए.चा एक मुलगा होता. राज्यशास्त्राचा पेपर, मे महिना, वर्गातला पंखा बंद. तो सांगत होता, मी लिहीत होते. एका ठिकाणी हात दुखायला लागला म्हणून मी त्याचं लांब वाक्य जरा आखडतं घेतलं. तो सांगायचा थांबला. म्हणाला, ‘बाई, तुम्ही वाक्य खाल्लंत. पेन लवकर थांबला.’ माझे कान लाल झाले. मी वाक्य पुरं लिहिलं. पेपर संपल्यावर बाहेर चहा घेताना मी त्याला विचारलं, एखादं यंत्र मिळालं आणि एकच गोष्ट दिसणार असेल तर तुला काय बघावंसं वाटेल? मला वाटलं, आई म्हणेल, आभाळ म्हणेल. तो म्हणाला, ‘मी बोलत असताना समोरचा माणूस उठून गेलाय का, ते कळलं पाहिजे. लोक न सांगता निघून जातात आणि मी खुर्चीशी बोलत राहतो.’

त्या दिवसापासून कुणाच्याही अडचणीबद्दल मी आधी अंदाज बांधत नाही.

तर तूही तुझ्या भावाला हेच विचार. माफी मागायला जाऊ नकोस. माफीने तो अवघडेल आणि ‘असू दे आक्का’ म्हणून विषय मिटवून टाकेल. आईसमोरही विचारू नकोस. शेतात, बांधावर, किंवा एसटीत, जिथे दोघांनाही समोर बघत बोलता येतं तिथे विचार : घोंगडी तुझ्या अंगावर आणि कॅमेरा तुझ्या हातात असता, तर तू तो कशाकडे वळवला असतास? तो म्हणेल, स्टँडवर लागलेली गाडी औशाची का निलंग्याची ते बघितलं असतं. म्हणेल, कुणाकडेच नाही, मला नकोच ती. किंवा असं काही सांगेल जे तुला-मला सुचणारही नाही. काहीही म्हणाला तरी मध्ये बोलू नकोस. आणि लगेच वही काढू नकोस!

मग तुझा मुख्य प्रश्न. शेवट बदलायचा का? मला वाटतं, बदलावा. भाऊ नाराज झाला म्हणून मात्र नाही. घरातल्या प्रत्येकाच्या नाराजीला लेखक वाकायला लागला तर आपल्याकडे कुणी एक ओळ लिहू शकणार नाही, मुलगी तर नाहीच. बदलावा यासाठी की तो खरा नाही, आणि आता हे तुला कळलं आहे. कळल्यावर तोच शेवट तीन आठवडे रोज तालमीत करायचा म्हणजे नटांना आणि तुला स्वतःला तो दरवेळी थोडा थोडा खोटा वाटत जाणार. एकांकिका मागे घ्यायला मात्र माझा साफ विरोध आहे. मागे घेतलीस तर भावाच्या डोक्यावर कायमचं ओझं, की माझ्यापायी आक्काचं नाटक बुडालं. हे त्याने मागितलेलं नाही.

नवा शेवट मी सांगणार नाही. तो तुझा आहे. एक प्रयोग मात्र करून बघ. एका तालमीत कॅमेरा बहिणीच्या हातातून काढून नायकाच्या हातात दे. संवाद पाठ असलेले म्हणू नका. त्या नटाला नुसतं फिरू दे रंगमंचावर, जिकडे वाटेल तिकडे वळू दे, आणि आईचं काम करणाऱ्या मुलीला काय करावंसं वाटतं ते बघ. नाटक पुढे कुठे जायचं ते तिथे सापडेल असा माझा होरा आहे. ‘उरतं काय’ म्हणणाऱ्या सरांनाही त्या तालमीला बसव, वाद घालण्यापेक्षा ते बरं. सरांची भीती मी समजू शकते. स्पर्धेत रडू आणणारा शेवट हा हुकमी पत्ता असतो. पण परीक्षकांनी ‘अंधाला दृष्टी मिळते’ हा शेवट आजवर किती वेळा पाहिला असेल!

आणखी एक, हे जरा कडक सांगते. शेंगा खुळखुळवणं, चपलांच्या आवाजावरून पाव्हणे ओळखणं, हे तू भावाकडून घेतलंस. त्याला न विचारता घेतलंस. आता विचार : यातलं काय ठेवू, काय काढू? ‘काढ’ म्हणाला तर निमूट काढ. नायक तरीही उभा राहील, तेवढी तुझी ताकद आहे. आणि ‘बॅकस्टेजला ये, आवाजाचं काम तू कर’ असं काही त्याला घाईने देऊ करू नकोस. समजूत काढायला दिलेलं काम त्याला लगेच ओळखू येईल. त्याला यावंसं वाटलं तर तो आपणहून म्हणेल.

आता घरचं. नाटकाचं तीन आठवड्यांत काय व्हायचं ते होईल, पण जमीन एकदा गेली की गेली. म्हणून हे नीट वाच, आणि ज्यांच्या घरात असंच कुणी आहे त्या सगळ्यांनीच वाचावं.

खुर्चीनंतर पन्नासहून अधिक वर्षांत बरंच काही झालं. पाठीऐवजी जिभेवर बारीक झिणझिण्यांनी आकृती उमटवणारं एक यंत्र निघालं, त्याला अमेरिकेत २०१५ मध्ये विक्रीची परवानगीही मिळाली. त्याची किंमत लाखांच्या घरातली, आणि त्यातून ‘दिसतं’ ते म्हणजे दार, उजेड, मोठी अक्षरं, वस्तूचा ढोबळ आकार. तेही बऱ्याच सरावानंतर. आईचा चेहरा त्यातून येत नाही. यासाठी एकर काय, एक गुंठाही विकू नका, हे वडिलांना माझं नाव घेऊन सांग.

याच घराण्यातली एक वस्तू मात्र फुकट आहे. पीटर मेयर या डच अभियंत्याने १९९२ मध्ये चित्राचं आवाजात रूपांतर करण्याची पद्धत मांडली. कॅमेऱ्यासमोरचं चित्र डावीकडून उजवीकडे सेकंदभरात ऐकू येतं. जे वर आहे त्याचा सूर उंच, जे खाली आहे त्याचा खालचा, जे जास्त उजळ ते जास्त मोठ्याने. ‘द व्हॉइस’ या नावाने ती साध्या अँड्रॉइड मोबाइलवर चालते. भावाला उत्सुकता असेल तर त्याने, त्याच्या मोबाइलवर, त्याच्या सवडीने करून बघावं. सुरुवातीला नुसता कोलाहल वाटेल. काही लोक महिनोन्महिने सराव करून त्यातून खूप काही मिळवतात, काही जण दोन दिवसांत कंटाळून सोडून देतात. दोन्ही ठीक आहे. तुम्ही मात्र पाठीमागे उभं राहून ‘काय दिसलं? काय दिसलं?’ करू नका.

आईला थेट सांग की घोंगडी तू रचलेली आहे, बाजारात नाही. हे आजच सांग. तुझ्या नाटकामुळे तिला आशा लागली आहे, तर ती नीट जमिनीवर आणणंही तुझंच काम. पण ‘नाही’ म्हणून थांबू नकोस. तू लिहिलंस, आई अजून म्हणते की पोटात असताना ग्रहणात भाजी चिरली होती. सतरा वर्षं ती बाई स्वतःला बोल लावते आहे! लातूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात नेत्ररोग विभाग आहे. एकदा तिला आणि भावाला तिथे घेऊन जा, जुने कागद बरोबर ठेव, आणि डॉक्टरांना दोनच प्रश्न विचारा : आज काही करण्यासारखं आहे का, आणि यात आईची काही चूक होती का. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर तिने डॉक्टरांच्या तोंडून ऐकायला हवं. तुझ्या-माझ्या सांगण्याने ती ग्रहण सोडणार नाही.

इतर घरांसाठी इथेच एक सांगते. लहान मुलाच्या बुबुळात पांढरट दिसत असेल तर ‘मोठं झाल्यावर बघू’ म्हणू नका. तो जन्मजात मोतीबिंदू असू शकतो, तो काढता येतो, आणि तिथे महिनेसुद्धा मोलाचे असतात. उशीर झाला तरी दार पूर्ण बंद होत नाही. पवन सिन्हा या मेंदूशास्त्रज्ञांच्या ‘प्रोजेक्ट प्रकाश’ने आपल्या देशात अशा मुलांवर शस्त्रक्रिया घडवून आणल्या. २०११ मध्ये त्यांनी ८ ते १७ वर्षांच्या पाच मुलांबद्दल लिहिलं. नव्याने दिसू लागलेल्या त्या मुलांना, हाताने ओळखीची झालेली वस्तू डोळ्यांनी ओळखता आली नाही. वस्तू तीच, हात सांगतो ते डोळ्याला कळेना. काही दिवसांत कळू लागलं. इंद्रियांचीही एकमेकांशी ओळख करून द्यावी लागते.

आणि मोठेपणी दृष्टी येणं म्हणजे नुसता आनंदच, असंही नाही. इंग्लंडमध्ये सिडनी ब्रॅडफर्ड नावाचे गृहस्थ होते. तान्हेपणी दृष्टी गेली, ५२ व्या वर्षी बुबुळरोपणाने परत आली. हत्यारांची त्यांना फार आवड. लंडनच्या विज्ञान संग्रहालयात काचेच्या पेटीतलं लेथ मशीन त्यांना दाखवलं, तर समोर असून काही उमगेना. पेटी उघडली, त्यांनी डोळे मिटून मशीनवरून दोन्ही हात फिरवले, मागे सरकले, आणि मग म्हणाले की आता दिसतंय. पुढे ते खिन्न होत गेले आणि १९६० मध्ये वारले. हे आईला सांगू नकोस, ती घाबरेल. सरांना सांग.

घरात आशेला जागा हवीच असेल तर ती मिळण्यासारख्या गोष्टींकडे वळवा. भावाचं यूडीआयडी कार्ड, म्हणजे दिव्यांगांचं सरकारी ओळखपत्र, झालंय का? नसेल तर आधी ते. बारावीला लेखनिक आणि तासाला किमान २० मिनिटं जादा वेळ हा त्याचा हक्क आहे. शाळेत अर्ज आतापासून द्या, परीक्षेच्या आदल्या आठवड्यात धावपळ नको. संगणकावर ‘एनव्हीडीए’ नावाचं फुकट सॉफ्टवेअर मराठीही वाचून दाखवतं. एकराच्या किमतीत जी घोंगडी मिळणार नव्हती, तिच्यापेक्षा एक साधा लॅपटॉप त्याच्या जास्त उपयोगी पडेल. अर्थात हेही त्याला विचारूनच.

राहिलं ते वाक्य. ‘मला माय ठावी हाय.’ ते तू ऐकलंस, आईने ऐकलेलं नाही. ती एसटीत तुमच्या पुढच्या बाकावर होती, असं तू लिहिलंस. तिला मशीन हवी आहे कारण तिला वाटतं की पोराला आपण माहीत नाही. कधीतरी संध्याकाळी, भाकरी थापणं चालू असताना, त्यालाच म्हण : ‘सांग की मायला, तुला ती कशी ठावी हाय.’ तो लाजेल. मग सांगेल. बांगड्यांचं सांगेल, टाचेच्या भेगा फरशीवर घासतात त्याचं सांगेल, काय सांगेल ते त्याचं त्याला ठाऊक. तू तव्याजवळ बस आणि त्यातलं काही नाटकात घेऊ नकोस.

हे उत्तर त्याला वाचून दाखवायला बसू नकोस. त्याच्या मोबाइलवर पाठव. टॉकबॅक, म्हणजे मोबाइलमधली वाचून दाखवायची सोय, लावून तो स्वतः ऐकेल, हवं तिथे थांबेल, नको तिथे पुढे पळवेल. आणि मी त्याच्याबद्दल काही चुकीचं लिहिलं असेल तर त्याने तुझ्यामार्फत निरोप न देता मलाच लिहावं. मी वाट बघते.